थोरलीची सरासरी

सर्रर्र करून दाराखालून एक कागद आत सरकला आणि इतका वेळ जपून ठेवलेली दुपारची शांतता फुटली.

धाकटी मशीनसमोर बसून सुईत दोरा ओवत होती. पायाशी शाळेच्या गणवेशाच्या पँटींचा निळा ढीग, आणि पलंगावर, शाळेतून येऊन मोज्यांसकट झोपी गेलेली खारू. पोरगी झोपली की दीड तास मिळायचा. त्या दीड तासात आठ पँटी व्हायच्या. कागद उचलायला उठायचं म्हणजे अर्धा खिसा बुडाला. तरी ती उठली, कारण कागदाच्या कडेची पिवळी पट्टी तिनं लांबूनच ओळखली होती. वीजबिल.

बिलाशी तिची तशी दोस्ती होती. या घरात येऊन आठ महिने झाले होते, आणि आठही महिने बिल इतकं शहाण्यासारखं यायचं की नवऱ्यापुढे ते नाचवायला तिला मजा वाटायची. "बघा, घर असं चालवतात!" ती म्हणायची. त्यापुढचं वाक्य मनातल्या मनात असायचं: थोरलीला कधी जमलं असतं का?

थोरली म्हणजे तिची मोठी जाऊ. हे घर आधी थोरलीचंच. दोन खोल्या, एक बोळ, आणि खिडकीतून दिसणारी समोरच्या इमारतीची पाण्याची टाकी. दीर आणि जाऊ मोठ्या घरात गेले तेव्हा त्यांनी हे घर धाकट्या भावाला विकलं, तेही बाहेरच्या भावापेक्षा कमी किमतीला. सगळ्या नात्यात थोरलीचं कौतुक झालं. 'मन मोठं लागतं हो त्याला.' धाकटीनं हे बारा जणांच्या तोंडून ऐकलं आणि बाराही वेळा हसून मान हलवली. मान दुखायची राहिली होती, एवढंच.

तिनं बिल उलगडलं. आकडा वाचला. शेवटचं शून्य चुकून पडलं असेल म्हणून बोटानं झाकून बघितलं. मग ती तिथंच, पँटींच्या ढिगावर बसली.

एकतीस हजार. पंधरा दिवसांत भरा, नाहीतर वीजपुरवठा तोडण्यात येईल. आणि वर ठळक अक्षरात नाव थोरलीचं. आठ महिन्यांत ते बदलून आणायला कुणाला सवड झाली नव्हती.

एकशेवीस गणवेश महिनाअखेरीस शाळेत पोचवायचे होते. आगाऊ पैसे कापडात गेले होते. वीज तुटली की मशीन बंद, इस्त्री बंद, आणि शाळेची बाई सरळ पलीकडच्या गल्लीतल्या शिंप्याकडे जाणार.

आता हे एकतीस हजार आले कुठून, तर त्याचं मूळ बोळात होतं. दाराच्या डाव्या हाताला वीजमीटरचं कपाट होतं. हे घर सोडण्याच्या दहा महिने आधी थोरलीनं ते सुताराकडून करून घेतलं होतं; पाहुणा दारात उभा राहिला की ते काळं डबडं पहिलं दिसतं म्हणून. जाळीची दारं, पितळी मूठ, वर मीटर, खाली चपला-छत्र्यांना एक खण. धाकटी तेव्हा भाड्याच्या खोलीत राहायची. तिथं मीटरच काय, नळाचा पाईपसुद्धा भिंतीवरून उघडा लोंबायचा. ते कपाट पहिल्यांदा बघितलं त्या दिवशी तिला जेवण गेलं नव्हतं. मीटरलासुद्धा घर मिळतं, आणि आपण!

कपाटाला थोरलीचं कुलूप असायचं. ती दिवसभर चष्म्याच्या दुकानात नोकरीला. रीडिंग घ्यायला येणारा माणूस दुपारी यायचा आणि बंद दार बघून परत जायचा. असं झालं की वीज ऑफिस घराचा आधीचा वापर बघतं, त्याची महिन्याची सरासरी काढतं आणि तेवढंच बिल पाठवत राहतं. पुढे घर धाकटीचं झालं, दारही दिवसभर उघडं राहू लागलं. पण कपाटापुढे तिनं गणवेशाच्या कापडाचे तागे छातीएवढे रचून ठेवले. रीडिंगवाला म्हणायचा, "ताई, एवढं कापड हलवा जरा." ती कुजबुजायची, "पुढच्या महिन्यात या ना, दादा. पोरगी आत्ताच झोपलीय." दादा भला माणूस. सरासरी टाकून जायचा. मागच्या आठवड्यात मात्र एक नवीच मुलगी आली, पाठीला बॅग, तोंडात च्युइंगम. म्हणाली, "तुम्ही हलवा काकू, मी थांबते." काकू! धाकटीनं तागे काढले ते त्या एका शब्दाच्या रागानं. मुलीनं खरा आकडा टिपून नेला, आणि अठरा महिन्यांचा राहिलेला फरक एकदम बिलावर चढून आला.

फरक कुणाचा, हे बिलात लिहिलेलं नव्हतं. पण धाकटीला ते विचारायची गरजच वाटली नाही. तिच्या डोळ्यांपुढे थोरलीचा एसी उभा राहिला.

नात्यात पहिला एसी थोरलीकडे आला होता. घर सोडताना तिनं तो काढून नेला, आणि भिंतीवर चार भोकं नि एक फिकट चौकोन मागे राहिला. तो चौकोन धाकटीला रोज टोमणे मारायचा. शेवटी दोन महिन्यांची शिलाई घालून तिनं त्याच चार भोकांवर एक जुना एसी बसवून घेतला. खडखडायचा, पण गार करायचा. चौकोनाची बोलती बंद झाली.

"गार झोपा काढल्या तिनं," ती खारूच्या पायातले मोजे ओढत पुटपुटली, "आणि घाम फुटायचा आम्हाला."

संध्याकाळी नवरा आला. तो लिफ्ट दुरुस्तीला जायचा; हाताला ग्रीसचा वास आणि खिशात कायम एक टेस्टर. बिल त्यानं दोनदा वाचलं.

"वहिनी असं करायची नाही," तो म्हणाला.

धाकटीच्या अंगाचा तिळपापड झाला. एकतीस हजारांचं काय करायचं, हे नाही. पोरीची शाळा, हप्ता, हे नाही. पहिलं वाक्य काय, तर वहिनी असं करायची नाही.

"कुणी केलं असं मी म्हटलंय का? नाव तुम्हीच घेतलंत."

"अगं, बिलावरच नाव आहे तिचं."

"तेच आठ महिने सांगतेय, बदलून आणा म्हणून. रोज वीस-वीस मजले वर-खाली करता, त्या ऑफिसचा एक जिना तेवढा चढवत नाही."

"घरातल्या घरात व्यवहार होता. सख्ख्या भावाकडून घर घेताना कुणी मीटरचा आकडा लिहून घेतं का?"

"तेच तर. त्यातच फावलं ना तिचं."

"हळू. खारू ऐकतेय."

"ऐकू दे. तिलाही कळू दे, काकूचा एसी कुणाच्या विजेवर चालायचा ते."

नवरा हसला. हसायला नको होतं. "वहिनीचं नाव निघालं की तुझी इस्त्री लागलीच तापते."

"आणि तुमचा आवाज लागलीच मऊ येतो!"

खारू चित्र काढत होती. तिनं काळ्या खडूनं एक चौकोन काढला, त्याला पाय काढले, आणि दोघांकडे आळीपाळीनं बघत राहिली.

दुसऱ्या दिवशी पोरीला शाळेत सोडून धाकटी वीज ऑफिसात गेली. खिडकीमागच्या कारकूनबाईंचे दोन चष्मे होते, एक नाकावर, एक कपाळावर.

"म्हणजे तुमचं म्हणणं, बाकी आधीच्या मालकीणबाईंची."

"हो. माझी मोठी जाऊ ती."

'जाऊ' म्हटल्यावर बाईंनी चष्मे बदलून तिच्याकडे नीट बघितलं. कामात त्यांना अचानक गोडी वाटू लागली असावी.

"इथं असं आहे बघा, आम्ही बाकी माणसामागे लावत नाही. माणूस घर बदलतो, मीटर जागच्या जागी राहतं. आज घर ज्याचं त्यानं भरायचं. नाही भरलं तर तोडायचं."

"म्हणजे वापरायचं दुसऱ्यानं आणि भरायचं मी?"

"घर घेताना बाकी नसल्याचा दाखला मागितला होता?"

"घरातलाच व्यवहार होता हो."

"घरातलेच जास्त येतात माझ्याकडे. परके लोक कागद बघून घेतात."

मागे रांगेत कुणीतरी खुदकन हसलं. धाकटीच्या कानशिलांना झिणझिण्या आल्या. बाईंचा सूर मात्र जरा निवळला.

"ज्या दिवशी ताबा घेतला त्या दिवसाचा मीटरचा आकडा आहे? चिठ्ठीवर, फोटोत, कशातही चालेल. तो आणा. बिलाचे दोन तुकडे करून देते. आधीचा त्यांच्या नव्या मीटरवर चढवते, नंतरचा तुमच्या. नसेल तर मात्र तुम्ही दोघी घरी बसून काय ते मिटवा."

"आणि नाही मिटलं तर? आधी भांडायचं की आधी भरायचं?"

"आधी भरायचं," बाई शांतपणे म्हणाल्या. "भांडायलासुद्धा दिवे लागतात."

ऑफिसच्या पायऱ्यांवरूनच तिनं थोरलीला फोन लावला. "ताई, तुमचं बिल आलंय. एकतीस हजारांचं." 'तुमचं' या शब्दावर तिनं असा जोर दिला, की पायरीवर झोपलेल्या कुत्र्यानं एक कान उचलला. पलीकडून थोरली म्हणाली, "रविवारी येते. सुट्टी असते मला." ना 'अगंबाई', ना 'कसं काय'. एवढी शांत! आपण इथं होरपळतोय आणि हिच्या आवाजाला सुरकुतीसुद्धा नाही, याचाच धाकटीला जास्त राग आला.

'फोटोत' हा बाईंचा शब्द शनिवारी दुपारी, कॉलर जोडताना, तिच्या डोक्यात उगवला.

तिनं मशीन थांबवलं. फोटो होता! ताब्याच्या दिवशी सामानाचा टेम्पो यायच्या आधी ती खारूला घेऊन पुढे आली होती. रिकाम्या घरात शिरल्यावर तिनं स्वयंपाकघर बघितलं नाही की न्हाणीघर बघितलं नाही. सरळ कपाट उघडलं. खारू खालच्या खणात पाय मुडपून बसली, आणि तिनं फोटो काढला. पोरीचा म्हणायचा; पण काढला होता कपाटाचाच, दोन्ही जाळ्या उघड्या, पितळी मुठीसकट. थोरलीचं कपाट, आणि आत माझी पोर.

तिनं लगबगीनं फोन उघडला. आता बघू या, कोण किती मोठ्या मनाचं ते. फोटो सापडला. तारीख होती, वेळ होती. खाली खारू, पुढचे दोन दात पडलेली, हसणारी. वर मीटर. तिनं दोन बोटांनी तो मोठा केला, आकडा स्वच्छ वाचता आला.

कापडावर आखायचा खडू घेऊन ती कागदी साच्याच्या मागच्या बाजूला वजाबाकी करायला बसली. कपाट बसायच्या आधीचं शेवटचं खरं रीडिंग बिलावरच छापलेलं होतं. तिथपासून ताब्यापर्यंत थोरलीचे दहा महिने. सरासरी महिन्याला एकशेऐंशी युनिटं, म्हणजे थोरलीनं अठराशेचे पैसे भरलेले. आणि फोटोतल्या आकड्याप्रमाणे जळलेली युनिटं सतराशे पन्नास.

तिनं पुन्हा वजाबाकी केली. खडू मोडला. दुसरा घेतला.

सतराशे पन्नास.

थोरलीकडे बाकी काहीच नव्हती. उलट पन्नास युनिटांचे पैसे तिनं जास्तच भरले होते. उरलेला सगळा डोंगर नंतरच्या आठ महिन्यांचा. महिन्याला पाचशेच्या वर. दिवसभर तापलेली इस्त्री, दोन मशीनं, आणि खारूला झोप लागावी, आपल्याला शिवता यावं म्हणून दुपारभर खडखडणारा तो जुना एसी. आठ महिने तिनं आणि नवऱ्यानं वीज स्वतःची जाळली होती आणि पैसे थोरलीच्या सरासरीचे भरले होते. घर असं चालवतात!

मग तिला एका रविवारची दुपार आठवली. ती न सांगता थोरलीकडे, याच घरी आली होती. दार उघडलं तेव्हा थोरलीच्या कपाळावर घाम होता, खिडक्या सताड उघड्या. "थांब हं, एसी लावते," ती घाईघाईनं म्हणाली होती. धाकटीनं तेव्हा मनात म्हटलं होतं, आली लगेच दाखवायला. तो एसी पाहुण्यांपुरताच असायचा, हे तिला आत्ता, एका वजाबाकीतून कळत होतं.

आपण चुकलो, हे कळल्यावर माणसाला वाईट वाटावं. धाकटीला वाटलंही. पण त्याच्या आधी, अगदी पाव क्षण आधी, दुसरंच काहीतरी कळ मारून गेलं: म्हणजे काटकसरीतही थोरलीच पुढे!

फोटो पुसून टाकावा म्हणून तिनं अंगठा ठेवला. खारू त्यात इतकी मनापासून हसत होती की अंगठा धजावला नाही. तिनं फोन पालथा ठेवला, साचा चुरगाळला, आणि कॉलर जोडायला घेतली. ती उलटी जोडली गेली.

रविवारी नवरा एका अडकलेल्या लिफ्टच्या कामावर गेला होता. थोरली एकटीच आली, हातात संत्र्यांची पिशवी. चपला काढताना बोळातच तिनं क्षणभर भिंतीला हात टेकला, जुन्या सवयीनं, जिथं पूर्वी तिची खुंटी होती तिथं.

ती टेकते न टेकते तोच खारू तिच्या गुडघ्यांशी जाऊन उभी राहिली. "काकू, तू आमची वीज वापरलीस?"

"खारू!" धाकटी ओरडली. "लहान आहे हो, ताई. काहीही बोलते."

"काहीही नाही बोलत. ऐकलेलं बोलते," थोरली म्हणाली. आवाजात राग नव्हता. तो असता तर धाकटीला सोपं गेलं असतं. तिनं खारूला जवळ घेतलं आणि पर्समधून एक पाकीट काढून इस्त्रीच्या टेबलावर ठेवलं.

"सगळे आहेत. चूक माझीच आहे. कपाटाची हौस माझी, कुलूप माझं. सरासरीचं बिल येतंय तर येऊ दे, तेवढीच कटकट नाही, म्हणून मीही गप्प बसले. आता मागे काय तुंबलं असेल ते तुंबलं असेल. फक्त एक कर, भाऊजींना सांगू नकोस, आणि आमच्या ह्यांनाही नको. माझ्या साठवणीतले आहेत."

हिच्या साठवणीत एकतीस हजार असतात! हा विचार धाकटीच्या मनात आला आणि तिची तिलाच लाज वाटली. पण आला तो आलाच.

"एवढे सगळे तुम्हीच कशाला, ताई..." तिनं वाक्य सुरू केलं. संपवलं नाही.

"तसं मी त्या ऑफिसात फोन केला होता," थोरली संत्रं सोलत म्हणाली. "त्या बाई म्हणाल्या, ताब्याच्या दिवशीचा आकडा असेल तर वाटणी होईल. मी सगळे कागद उपसले गं. मिळाला नाही. तुझ्याकडे कुठं लिहिलेला नसेलच, नाही?"

तिनं वर बघितलं. त्या बघण्यात किती आशा होती, ते धाकटीनं नेमकं मोजलं. साठवणीतले पैसे कुणाला सहज देता येतात? आत्ता बोललं तर बोललं. एक वाक्य पुरलं असतं. पण त्या वाक्यानंतर संध्याकाळी नवरा म्हणणार होता, मी सांगत होतो ना, वहिनी असं करायची नाही. आणि ते वाक्य मग या घरात, त्या भिंतीवरच्या चौकोनासारखं, कायमचं राहायला येणार होतं.

"नाही," ती म्हणाली.

"आई, माझा कपाटातला फोटो दाखव ना काकूला!" खारू उड्या मारू लागली. "काकू, मी खणात मावले होते! आम्ही आलो ना, त्या दिवशी. मी खाली आणि तो काळा डबा माझ्या डोक्यावर!"

थोरलीचा हात संत्र्यावर थांबला.

"फोन चार्जिंगला आहे," धाकटी म्हणाली.

फोन टेबलावर होता, पाकिटाच्या शेजारी. वायर त्याच्यापासून हातभर लांब, गुंडाळलेली. थोरलीनं फोनकडे बघितलं, वायरकडे बघितलं. मग सोललेल्या फोडी तिनं एकेक करून खारूच्या तळहातावर मांडल्या आणि उठली.

"चहा तरी घ्या, ताई."

"नको. कपडे वाळत घालायचेत अजून." बोळात चपला चढवता चढवता ती थांबली. मागे न बघता म्हणाली, "फोटो राहिलाच बघायचा. पुन्हा कधीतरी बघू. तुझ्या सवडीनं."

दार लागलं. जिन्यावर चपलांचा आवाज एक मजला उतरला, दुसरा उतरला. अजूनही धावत जाऊन गाठता आलं असतं. धाकटीनं पाकीट उचललं. जड होतं. दारापर्यंत गेली, कडीला हात लावला, आणि तशीच उभी राहिली. थोरलीकडे नाही असं काहीतरी आयुष्यात पहिल्यांदाच तिच्याकडे आलं होतं, आणि ते कुणाला दाखवण्यासारखं नव्हतं. तिसऱ्या मजल्यानंतर आवाज ऐकू येईनासा झाला.

ती परत येऊन स्टुलावर बसली. पाकीट मांडीवरच राहिलं. खारूनं शेवटची फोड अर्धी तोडली, अर्धी आईच्या तोंडापाशी धरली, आणि तिच्या चेहऱ्याकडे मान वाकडी करून बघत विचारलं,

"आई, आपण काकूवर रागावलोय, की काकू आपल्यावर?"